माझा हात लिवून घ्या

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कुणाचे, असं कुणी विचारलं तर मी वडिलांच्याही आधी अनसूयाआत्तीचं नाव घेतो. वडिलांना हे ठाऊक होतं आणि त्यांना त्याचा राग नव्हता. ते स्वतःच म्हणत, "आक्का नसती तर तू आज गुऱ्हाळावर चुलवाणात पाचट सारत बसला आसतास."

आत्ती म्हणजे वडिलांची थोरली बहीण. तिचं सासरचं गाव सातारा जिल्ह्याच्या अगदी कडेला. गावाच्या शिवेवरून एक ओढा जातो. त्या काळी ओढ्याच्या अलीकडे इंग्रजांचा खालसा मुलूख होता आणि पलीकडे संस्थान. तिचे यजमान पलटणीत शिपाई होते. ते बसऱ्याच्या लढाईवर गेले आणि तिकडेच राहिले. मागे आत्ती, तान्ही मुलगी तारा, थोडी जमीन आणि एका सामाईक विहिरीत पाण्याची पाळी. भावकीला वाटलं, बाई माहेरी जाईल. बाई गेली नाही. तिनं शेत केलं, ताराला शाळेत घातलं, वेळेवर तिचं लग्न लावलं.

आमच्या गावची शाळा चौथीला संपायची. वडिलांनी मला कामाला लावायचं ठरवलं होतं. आत्ती आली, मला अंगणात उभं केलं आणि वडिलांना म्हणाली, "आरं, ह्येला औताला जुपायचा आसंल तर आदी दात तरी बगून घे. बैल घेताना बगतोस न्हवं?" वडील हसले आणि तिथंच हरले. सातवीपर्यंत मी तिच्या घरी राहिलो. पुढे सांगलीला बोर्डिंगात गेलो, तेव्हा सर्व्हिस मोटारीच्या ड्रायव्हरच्या हाती तिच्या भाकऱ्या यायच्या. भाकऱ्यांबरोबर निरोपही यायचा, "त्येला म्हनावं, शिकल्याली मानसं लाचार हुत्यात, तसा हू नगंस."

आत्ती रागावली असं मी फारसं पाहिलं नाही. समोरचा माणूस काही वेडंवाकडं बोलू लागला की ती त्याला एकदा वरपासून खालपर्यंत बघायची आणि मायेनं विचारायची, "जेवून आलायसा न्हवं?" एवढा मूर्खपणा माणसाच्या तोंडून भुकेपोटीच निघत असणार, अशी तिची समजूत असावी. मामलेदारापासून गावच्या पुजाऱ्यापर्यंत हा प्रश्न तिनं सगळ्यांना विचारला होता. कुणाच्या ओट्यावर ती बसायची नाही. उभ्यानं बोलायची आणि निघायची. सरकारनं गावच्या चावडीत एक दगड बसवला होता. या गावातून लढाईवर इतके गेले, त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले, एवढंच त्यावर कोरलेलं. नावं नाहीत. त्या दगडावर कुणीतरी कडबा रचून ठेवत असे. आत्ती येता-जाता तो कडबा पायानं बाजूला सारायची आणि काही न बोलता पुढे जायची.

मी बी.ए.च्या वर्गात होतो तेव्हा तिचा हात मोडला.

त्या सकाळी विहिरीवर पाळी तिची होती. पाटलाचा थोरला मुलगा रंगराव आपले बैल घेऊन आला आणि तिच्या पाळीला त्यानं आपली मोट जुंपली. आत्तीनं दोनदा सांगितलं. मग तिनं जुवाच्या शिवळा, बैलांच्या मानेशेजारच्या खुंट्या, काढल्या आणि त्याचे बैल मोकळे सोडले. रंगरावानं चाबकाच्या दांड्यानं तिच्या उजव्या मनगटावर मारलं. हाड मोडल्याचा आवाज तिच्या गड्यानं ऐकला. दुसऱ्या दिवशी तो पाटलाच्या घरी जाऊन आला आणि मग त्यानं तो ऐकला नव्हता असं ठरलं.

गावात गुन्हा झाला तर ठाण्याला कळवायचं काम पोलीस पाटलाचं. मारणारा पाटलाचा मुलगा. पाटलांनी ठाण्याला कळवलं की गावात सर्वत्र शांतता आहे.

निरोप मिळताच मी सांगलीहून आलो. तोवर हाडवैद्यानं बांबूच्या कांब्या लावून हात बांधला होता. मिशनच्या दवाखान्यात नेऊन मी हाड मोडल्याचा दाखला घेतला. परत आलो तर ओट्यावर गावची चार वडीलधारी माणसं बसलेली आणि मध्ये एक ताट. ताटात हिरवं इरकली लुगडं, खण, नारळ, हळदकुंकू. आमच्या भागात बाईला मारलं, तिची अब्रू घेतली, काहीही केलं, तरी ते मिटवायची एक रीत आहे. तिची ओटी भरायची. एकदा ओटी भरली की झालेलं सगळं झालंच नव्हतं असं होतं. ही सोय कुणी शोधून काढली कोण जाणे. तो पुरुष होता एवढं मात्र खात्रीनं सांगता येईल.

"आनसाबाई," त्यांतले एक म्हातारे म्हणाले, "मोठं घर हाय. तेंनी आपनहून ताट पाठीवलंय. पदर पसर, मिटलं."

"कुठल्या हातानं पसरू?" आत्तीनं विचारलं. उजवा हात गळ्यात बांधलेला होता.

"आसं काय बोलावं? गावात ऱ्हायाचं हाय न्हवं?"

"मी ऱ्हातीयाच की. हात मोडलेला घिऊन ऱ्हाते. तुमी जेवून आलायसा न्हवं?"

माणसं उठली. ताट ओट्यावर ठेवून गेली. कुणीतरी जाता जाता सुचवलं, की डोंगरात भूमिगत मंडळी आहेत, त्यांच्या कानावर घातलं तर ते रंगरावाचे तळपाय फोडून काढतील, दोन दिवसांत निकाल. त्या वर्षी आमच्याकडे हे खरोखरच होत होतं आणि लोकांना ते आवडतही होतं. आत्ती म्हणाली, "त्येचं पाय घिऊन मी काय करू? माझा हात लिवून पायजे मला. सरकारात."

हे 'लिवून पायजे' तिच्या मनात कुठून आलं ते मला ठाऊक नाही. ती शाळेत गेली नव्हती. मी तिला म्हटलं, मी चांगला अर्ज लिहितो. लिहिला. मोठ्या कष्टानं लिहिला. तो घेऊन आम्ही खालशातल्या तालुक्याच्या ठाण्यावर गेलो.

तिथल्या जमादारानं अर्ज न उघडताच विचारलं, "हीर कुठं हाय?"

"ओढ्याच्या काठाला," मी म्हणालो.

"पल्याड का अल्याड?"

"विहीर पलीकडच्या काठाला आहे."

"मग संस्थानात जावा. त्या राज्याचा गुन्हा आमी कसा लिवावा?"

आम्ही संस्थानी चौकीवर गेलो. तिथले हवालदार फार सभ्य होते. त्यांनी आत्तीला पाणी देवविलं. मग म्हणाले, "हे बघा, बाई खालशातली, मारणारा खालशातला, त्याचा बाप खालशाचा पाटील. आमच्या हद्दीत नुसती विहीर आहे. विहिरीची काही तक्रार आहे का?"

"इहिरीचा हात मोडला न्हाई," आत्ती म्हणाली. "आवं, दोनी राज्यं मिळून येवडं तरी ठरवा, माझा हात कुठल्या राज्यात मोडला. मी हितंच हुबी ऱ्हाते."

हवालदार हसले. त्यांना विनोद आवडला होता. विनोदापुढे त्यांचं कर्तव्य संपत होतं.

मी सांगलीतल्या एका वकिलांकडे गेलो. त्यांनी शांतपणे सांगितलं, की असला गुन्हा तोंडी सांगितला तरी पोलिसांनी तो लिहून घ्यायचा, लिहिलेलं वाचून दाखवायचं आणि सांगणाऱ्याची सही किंवा अंगठा घ्यायचा, असा कायदाच आहे. "पण कायद्याचं काय घेऊन बसलात!" असं म्हणून ते हसले. ह्या हसण्याचे त्यांनी पैसे घेतले नाहीत. कोर्टात खाजगी फिर्याद करा, असा सल्लाही दिला. मी तो आत्तीला सांगितला. तिला तो पटला नाही. "शेताच्या बांधाचं भांडान हाय व्हय ह्ये, मी आपली वकील लावून लडाय? हाड मोडलंय. सरकारनं बगावं. चला परत ठाण्यावर."

या खेपेला खुद्द फौजदारसाहेब होते. गोरेपान, सुगंधी तेल लावलेले. भूमिगतांच्या शोधात रोज डोंगर पालथे घालून आपण किती थकलो आहोत हे त्यांनी आम्हांला आधी सांगितलं. त्यांना भूमिगत एकही सापडला नव्हता आणि रंगराव तर रोज चावडीवर पान खात बसलेला असे. पण तो सापडण्यासारखा असल्यामुळे त्याच्यात त्यांना गोडी नव्हती. त्यांनी माझा अर्ज वाचला.

"अक्षर सुरेख आहे तुमचं," ते म्हणाले आणि अर्ज काचेच्या वजनाखाली ठेवला. "चौकशी करू. या तुम्ही."

"लिवलं का?" आत्तीनं विचारलं.

"अर्ज घेतलाय ना बाई."

"अर्ज ह्यानं लिवलाय. तुमी काय लिवलं?"

फौजदारांनी जमादाराकडे पाहिलं. जमादारानं कंटाळून कागद ओढला. "नाव?"

"अनसूया."

"नवऱ्याचं नाव?"

आमच्याकडच्या बायका नवऱ्याचं नाव तोंडानं घेत नाहीत. हे त्या जमादाराला माझ्याइतकंच माहीत होतं. त्याची बायकोही त्याचं नाव घेत नसणार. पण त्यानं टाक खाली ठेवला. "नाव सांगायचं नसंल तर फिर्याद कशी व्हायची?"

"मी सांगतो," मी म्हणालो.

"तुमी न्हाई. फिर्यादीनं सांगाय पायजे."

तेव्हा आत्ती जे बोलली ते आवाज न चढवता बोलली. "ते नाव सरकारला ठावं हाय. बसऱ्याला न्यायला आलं तवा सरकारनं अर्ज मागितला न्हाई. नाव इचारलं, लिवलं, आंगठा घेतला आन् न्हेलं. मेलं तवा दगडावर नाव घालाय जागा मिळाली न्हाई, नुसता आकडा घातला. आन् आता माझा हात लिवायचा म्हनल्यावर सरकार मला नाव इचारतंय?"

फौजदारसाहेब नखं बघत होते. जमादार मात्र खवळला. "आवं बाई, तुमचं मिटलंय! पाटलांनी कळीवलंय. लुगडं घेतलंसा न्हवं? लुगडं घ्यायचं आन् फिर्यादबी करायची?"

आत्तीनं त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. या वेळी तिनं जेवणाचं विचारलं नाही. आम्ही परत आलो.

दुसऱ्या दिवशी तिनं ओट्यावरचं ते लुगडं काठीनं उचलून पाटीत टाकलं. खण आणि नारळही टाकला. हातानं शिवली नाही. पाटी माझ्या डोक्यावर दिली. ठाण्यात जाऊन तिनं ती जमादाराच्या टेबलावर पालथी केली. "घेतलं न्हाई. ह्ये बगा, घडीबी मोडल्याली न्हाई. कुनाचं आसंल त्येला द्या."

"हे न्या हितनं! हे ठाणं हाय का कापडाचं दुकान?" जमादार ओरडत राहिला. आत्ती पायऱ्या उतरून गेलीसुद्धा.

आता हिशेबानं पाहिलं तर पेच पोलिसांना पडायला हवा होता. ठाण्यात वस्तू आली की तिची नोंद व्हायला हवी. नोंद करायची तर ती कशापायी आली हे लिहायला हवं, आणि तेच तर त्यांना लिहायचं नव्हतं. पण जमादार असल्या गोष्टींनी अडून राहणारा माणूस नव्हता. त्यानं त्यावर आपल्या परीनं तोड काढली.

ती तोड आम्हांला आठवड्याच्या बाजारात दिसली. आत्ती पोत्यावर वांगी मांडून बसली होती, डाव्या हातानं तागडी धरत होती. मी शेजारी सुट्टे पैसे सांभाळत होतो. समोर एक बाई वांगी निवडायला वाकली. अंगावर कोरं हिरवं इरकली लुगडं, डाळिंबी काठ, पदराजवळ ताटातल्या हळदीचा डाग. जमादारीण होती. बिचारीच्या तोंडावर नव्या लुगड्याचा आनंद मावत नव्हता.

आत्तीनं लुगड्याकडे पाहिलं. मग त्या बाईच्या दोन्ही मनगटांकडे पाहिलं. आणि खऱ्याखुऱ्या काळजीनं विचारलं, "बाई, तुझाबी हात मोडला व्हय गं?"

"न्हाई वो," जमादारीण गोंधळून म्हणाली. "का?"

"न्हाई, आमच्याकडं हात मोडल्याबिगार ह्ये लुगडं मिळत न्हाई म्हून इचारलं."

शेजारची मिरचीवाली आधी हसली. मग तिच्या पलीकडची. लुगडं कुणी धाडलं होतं, कुणाच्या ओट्यावर होतं, कुठं नेऊन टाकलं होतं, हे बाजारात सगळ्यांना ठाऊक होतं. जमादारीण वांगी तशीच टाकून निघाली. आत्तीनं मला तिच्यामागं पळवलं, "वांगी दिऊन ये तिला. तिची काय चूक न्हाई." मी देऊन आलो. ती रडत होती. त्या सगळ्या प्रकरणात पोलीस खात्याच्या बाजूचं मी पाहिलेलं तेवढंच एक माणूस.

बाजार उठायच्या आत 'जमादारणीचा हात' ही गोष्ट तालुकाभर झाली. पोरं ठाण्यावरून जाताना हात गळ्यात बांधून जाऊ लागली. जिल्ह्याचे साहेब तपासणीला येणार होते. मग काय आश्चर्य! ओढा जागचा हलला नव्हता, पण विहिरीची धाव, म्हणजे मोटेचे बैल चालतात ती उतरण, खालशाच्या हद्दीत असल्याचं फौजदारसाहेबांना अचानक आढळून आलं. गावी शिपाई आला, बाईंना बोलावलंय म्हणाला. टेबलावर धुऊन इस्त्री केलेलं लुगडं ठेवलेलं होतं. पुरावा म्हणून.

नवऱ्याचं नाव आता माझ्या तोंडचंही चाललं. आत्ती उभ्यानं सांगत होती, जमादार लिहीत होता. वाचून दाखवताना तो म्हणाला, "...किरकोळ बाचाबाची होऊन..."

"थांबा," आत्ती म्हणाली. "बाचाबाची कुनाची?"

"तसं लिवायची पद्धत हाय."

"मी बाचाबाची केली न्हाई. मी शिवळा काढल्या. त्येनं दांडकं घातलं. आसं लिवा."

"बाई, आर्थ तोच हाय."

"त्योच आसंल तर माझा लिवा."

फौजदारांनी मान हलवली. जमादारानं खोडलं आणि पुन्हा लिहिलं. आत्तीनं डाव्या हाताचा अंगठा उठवला आणि शाई भिंतीला पुसली. ती भिंत नुकतीच साहेबांच्या स्वागतासाठी रंगवलेली होती.

खटल्याचं फार सांगत नाही. गड्यानं आवाज ऐकला नव्हता, गावानं काही पाहिलं नव्हतं, मिशनच्या डॉक्टरनं मात्र खरं सांगितलं. रंगरावाला दंड झाला. तो त्यानं जत्रेत तमाशावर उधळावा तसा भरला आणि घरी जाऊन जेवला. फौजदारसाहेबांना पुढे बढती मिळाली. मी चिडून आत्तीला म्हटलं, "एवढं करून काय झालं?"

"लिवलं न्हवं?" ती म्हणाली. "आता खोटं पाडायचं म्हनलं तरी आदी वाचाय लागंल त्येंना."

तिचा हात कधी सरळ झाला नाही. मी बी.ए. झालो, दोन वर्षं शाळेत शिकवलं, आणि मग स्वराज्यात फौजदार म्हणून निवडला गेलो. नाशिकला शिकायला जायच्या आदल्या दिवशी तिला सांगायला गेलो. ती ओट्यावर शेंगा फोडत होती, वाकड्या मनगटानं, सवयीनं. पेढ्याचा पुडा मी शेजारी ठेवला. तिनं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. मी तिच्या त्या प्रश्नाची वाट बघत उभा राहिलो. ती म्हणाली, "तुझ्या हाताखाली जमादार आसंल न्हवं?"

"असेल की."

"मग सनाला त्येच्या बायकूला तूच लुगडं घेऊन दी."

ती हसली नाही. एक पेढा देवापुढे ठेवला आणि बाकीचे गल्लीतल्या पोरांना वाटले. त्यानंतर तिची माझी भेट झाली नाही. संस्थानं गेली होती, ओढ्याला आता पलीकडचं राज्य नव्हतं. वर्षभरानं मी तिला हे पत्र पाठवलं.

तीर्थरूप आत्तीस,

बाळूचा साष्टांग नमस्कार. मी खुशाल आहे.

परवा दुपारी माझ्या ठाण्यात एक रोजगारी बाई आली. तिच्या नवऱ्याला उसाच्या फडात काठीनं मारलं आहे. पायाचं हाड मोडलंय. तो बाहेर गाडीत पडून होता. मारणाऱ्याचं नाव विचारल्यावर ती माझ्याकडे बघून गप्प झाली. जमादार म्हणाला, तिला अर्ज द्यायला सांगू. मी तिला पुन्हा विचारलं तेव्हा तिनं नाव सांगितलं. ते आपल्या ताराच्या मालकांचं आहे.

मी तिची फिर्याद लिहून घेतली आहे. तिनं सांगितली तशीच. संध्याकाळी जावईबापू स्वतः आले, घरचा फौजदार आहे म्हणाले, हसले. आज सकाळी त्यांना अटक केली. हे तुला दुसऱ्या कुणाकडून कळण्याआधी माझ्याकडून कळावं म्हणून लिहीत आहे.

तारा मुलांना घेऊन तुझ्याकडे येईल. ती मला वाटेल ते बोलेल, तिचं चूक नाही. तू तिला घेऊन माझ्याकडे आलीस तर मी तुझ्या पाया पडेन, तुम्हांला जेवू घालीन, पण लिहिलेलं पुसणार नाही. तू ते पुसायला सांगणार नाहीस, असं मला वाटतं. पण आत्ती, मला तसं नक्की माहीत नाही.

त्या बाईचा नवरा दवाखान्यात आहे. पाय वाचेल असं डॉक्टर म्हणतात.

हे पत्र नेहमीसारखं शाळेच्या मास्तरांना वाचायला देऊ नकोस. तारा आली की तिच्याकडून वाचून घे. ती मध्येच थांबेल. थांबली तर तिला वेळ दे, आणि मग पुढचं वाचायला सांग.

तुझा,
बाळू